कोसंबींचा तराजू : एका गणितज्ञाचे ग्रंथकर्तृत्व

दामोदर धर्मानंद कोसंबी (१९०७–१९६६) यांचे लेखन ग्रंथालयात एका फळीवर सापडत नाही. इतिहासाच्या दालनात ‘अॅन इंट्रोडक्शन टू द स्टडी ऑफ इंडियन हिस्टरी’ (१९५६) आणि ‘मिथ अँड रिअॅलिटी’ (१९६२) हे ग्रंथ असतात. भर्तृहरीच्या सुभाषितांची चिकित्सक आवृत्ती संस्कृतच्या दालनात असते. त्यांचे गणितातले निबंध जुन्या नियतकालिकांच्या बांधीव खंडांत पडून असतात, आणि ‘कोसंबी फलन’ नावाचे एक सूत्र आनुवंशशास्त्राच्या पाठ्यपुस्तकात भेटते, जिथे ते वापरणाऱ्याला हा कोसंबी भर्तृहरीचा संपादक होता याची बहुधा कल्पनाही नसते.

या विखुरलेपणामुळे त्यांच्याविषयी बोलण्याची एक सोयीस्कर रीत रूढ झाली आहे. व्यवसायाने गणितज्ञ, आवडीने इतिहासकार, मताने मार्क्सवादी आणि स्वभावाने विक्षिप्त, अशी चार कप्प्यांची ही रीत. आम्हाला ही वाटणी पुरेशी वाटत नाही. कोसंबींच्या सर्व कामामागे एकच प्रश्न उभा दिसतो : झिजलेल्या, फुटलेल्या, अनेक हातांतून गेलेल्या पुराव्यावरून खात्रीलायक असे काय सांगता येते? नाणे झिजते, पोथी बिघडते, दैवताचे नाव बदलते. या झिजेलाच साक्षीदार करण्याची विद्या त्यांनी गणितातून आणली. ती कुठवर पोचली आणि कुठे अडली, हे पाहणे वाङ्मयाच्या अभ्यासकालाही आवश्यक आहे, असे आमचे मत आहे.

आधी चरित्राची रूपरेषा. कोसंबींचा जन्म ३१ जुलै १९०७ रोजी पोर्तुगीज अमलाखालच्या गोव्यात झाला. वडील धर्मानंद कोसंबी हे पालीचे आणि बौद्ध धर्माचे थोर पंडित. त्यांचे ‘निवेदन’ हे आत्मचरित्र आणि ‘बोधिसत्त्व’ हे नाटक मराठी वाचकाला परिचित आहेत. बुद्धाच्या शोधात १८९९ साली घर सोडून ते पुणे, काशी, नेपाळ, सिंहलद्वीप, ब्रह्मदेश असे फिरले, आणि पुढे पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात पाली शिकवू लागले. चिं. वि. जोशी हे त्यांच्या तिथल्या विद्यार्थ्यांपैकी एक. १९१८ साली ‘विसुद्धिमग्ग’ या ग्रंथाच्या संपादनासाठी धर्मानंद हार्वर्डला गेले, तेव्हा अकरा वर्षांचा दामोदरही बरोबर होता. मधला काही काळ वगळता १९२९ पर्यंतचे त्याचे सारे शिक्षण अमेरिकेतच झाले. हार्वर्डची पदवी त्याने सर्वोच्च श्रेणीत मिळवली. विषय गणित होता, पण त्याच्या जोडीला ग्रीक, लॅटिन, फ्रेंच, जर्मन आणि इटालियन याही भाषा होत्या. गंमत अशी की पाली-संस्कृतच्या पंडिताचा हा मुलगा संस्कृतचा रीतसर विद्यार्थी कधीच नव्हता. ती भाषा त्याने पुढे प्रौढपणी, स्वतःच्या कामापुरती आणि स्वतःच्या रीतीने हस्तगत केली.

मायदेशी परतल्यावर दोन वर्षे बनारसला आणि मग अलीगढला अशा नोकऱ्या झाल्या. अलीगढला गणित विभागाचे प्रमुख होते आंद्रे वेल, विसाव्या शतकातील श्रेष्ठ गणितज्ञांपैकी एक. त्यांच्या सूचनेवरून कोसंबींनी १९३१ साली एक निबंध छापला आणि त्यात ‘बुर्बाकी’ नामक एका रशियन गणितज्ञाच्या प्रमेयाचा गंभीर चेहऱ्याने विस्तार केला. हा बुर्बाकी कधी जन्मालाच आला नव्हता. पुढे फ्रान्समधील तरुण गणितज्ञांच्या एका गटाने हेच आडनाव सामूहिक टोपणनाव म्हणून धारण केले, आणि ‘निकोला बुर्बाकी’ या नावाने ग्रंथांची मोठी मालिका लिहिली. गणिताच्या साहित्यात बुर्बाकीचा पहिला उल्लेख आहे तो कोसंबींच्या या निबंधात. एका नावाभोवती अनेकांचे लेखन कसे गोळा होते, हा प्रश्न त्यांना पुढे भर्तृहरीच्या रूपाने भेटायचा होता. तेव्हा मात्र ती थट्टा नव्हती.

१९३०च्या दशकाच्या आरंभी कोसंबी फर्ग्युसनमध्ये आले, ज्या महाविद्यालयात वडिलांनी पाली शिकवली होती तिथेच, आणि १९४५ पर्यंत राहिले. ही वर्षे त्यांच्या बुद्धीच्या बहराची. भूमितीत त्यांनी ‘पथ-अवकाशां’वर केलेले काम एली कार्तां यांच्यासारख्या ज्येष्ठ फ्रेंच गणितज्ञाने उचलून धरले, आणि आज तो सिद्धान्त कोसंबी–कार्तां–चर्न या तीन नावांनी ओळखला जातो. १९४३ साली त्यांनी संख्याशास्त्रातील एक निबंध प्रसिद्ध केला. त्यातील कल्पना कार्हुनेन आणि लोएव्ह या दोघांनी नंतर स्वतंत्रपणे मांडली आणि जगभर ती त्यांच्या नावांनी रुजली. अलीकडे काही अभ्यासक तिच्या नावात कोसंबींचे नाव आवर्जून जोडतात. गुणसूत्रावर दोन जनुकांमध्ये किती अंतर आहे याचा अंदाज करणारे ‘कोसंबी फलन’ही याच सुमाराचे, १९४४ मधले.

संख्याशास्त्राकडे ते वळले ते शिकण्याच्या हेतूने. नवे शास्त्र शिकायचे तर एखादा खराखुरा प्रश्न हाती घेऊन शिकावे, असा त्यांचा शिरस्ता होता. असा एक प्रश्न त्यांना सापडला तो प्राचीन भारतातील आहत नाण्यांत. चांदीच्या पत्र्याचे तुकडे कापून, ते ठरावीक वजनाचे करून त्यांवर चिन्हांचे ठसे मारलेली ही नाणी. त्यांवर राजाचे नाव नाही, साल नाही, अक्षरच नाही. मग कोणते नाणे आधीचे आणि कोणते नंतरचे? चिन्हांचा अर्थ लावण्याचे नाना तर्क विद्वान लढवत होते. कोसंबींनी तराजू घेतला.

त्यांचा युक्तिवाद कोणत्याही सराफाला पटावा असा आहे. टांकसाळीतून बाहेर पडलेली नाणी एका वजनाची असतात, निदान जवळपास. ती हातोहात फिरतात तशी झिजतात. म्हणजे काळ जाईल तसे त्यांचे सरासरी वजन घटते. सगळी नाणी सारखी फिरत नसल्याने त्यांच्या वजनांतला आपसातला फरकही वाढत जातो. आता एकाच वेळी पुरलेल्या साठ्यातील नाण्यांचे चिन्हांनुसार गट पाडले, तर जो गट अधिक झिजलेला तो अधिक जुना. या अनुमानाला त्यांनी आणखी एक पुरावा जोडला. नाण्यांच्या मागच्या बाजूला जे बारीक ठसे असतात, ते वेळोवेळी नाणे पारखणाऱ्या व्यापाऱ्यांचे असावेत. असे ठसे जितके जास्त, तितके सरासरी वजन कमी, हे प्रमाण त्यांना तक्षशिलेच्या साठ्यांत स्पष्ट दिसले. तक्षशिलेच्या भीर टेकाडावर १९२४ साली सापडलेल्या हजारभर नाण्यांच्या साठ्यात अलेक्झांडरची दोन आणि त्याच्यामागून गादीवर आलेल्या फिलिपचे एक अशी कोरी करकरीत ग्रीक नाणीही होती. तेवढ्यावरून साठ्याचा काळ इसवी सनापूर्वी चौथ्या शतकाच्या अखेरीस बांधता येत होता. एका टोकाला ही निश्चित खूण आणि दुसरीकडे झिजेचा हिशेब, अशा जोडीने मुक्या नाण्यांचा कालक्रम बोलू लागला.

हीच बुद्धी पोथ्यांना लावली तर? त्या काळात पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरात विष्णु सीताराम सुकथनकर महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध करीत होते. सुकथनकर स्वतः केंब्रिजला गणित शिकलेले, आणि नंतर बर्लिनला भाषाशास्त्राकडे वळलेले. पाठचिकित्सेची दीक्षा कोसंबींना त्यांच्याकडून मिळाली. विषय मात्र त्यांनी निवडला तो फार अवघड : भर्तृहरीची शतके.

हे काम अवघड का, ते समजून घेतले पाहिजे. सलग काव्याच्या पोथ्या एकीवरून दुसरी अशा उतरत जातात, त्यांत चुकाही वारशाने येतात, आणि या चुकांच्या आधारे पोथ्यांची वंशावळ मांडता येते. सुटे श्लोक या शिस्तीला जुमानत नाहीत. नीती, शृंगार आणि वैराग्य या तीन शतकांत प्रत्येकी शंभर श्लोक असावेत एवढेच नावावरून कळते. कोणते शंभर, याबद्दल पोथ्यांचे एकमत नाही. लेखकूला एखादे सुभाषित आवडले की त्याने ते भर्तृहरीच्या खात्यावर जमा केले, नावडले की वगळले, आठवले तेव्हा भलत्याच जागी घातले. शिवाय एकाच लेखकूपुढे दोन-तीन परंपरांच्या पोथ्या असत. अशा ठिकाणी वंशावळ कोलमडते. कोसंबींनी देशभरातील सुमारे पावणेचारशे हस्तलिखिते पडताळली आणि प्रश्न फिरवून विचारला. ‘मूळ भर्तृहरी कोणता’ असे न विचारता ‘कोणता श्लोक किती आणि किती दूरदूरच्या परंपरांत सापडतो’ असे त्यांनी विचारले. परस्परांशी संबंध नसलेल्या वाचनांत जो श्लोक सातत्याने येतो, तो जुना असण्याची शक्यता सर्वाधिक.

१९४८ साली सिंघी जैन ग्रंथमालेत प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या आवृत्तीत या विचाराचे फळ आहे. तिच्यात एकूण ८५२ श्लोक तीन गटांत मांडले आहेत. पहिल्या गटात जवळपास सर्व वाचनांना मान्य असलेले २०० श्लोक, दुसऱ्यात संशयित असे १५२, आणि तिसऱ्यात कुठे ना कुठे भर्तृहरीच्या नावावर मोडलेले सुटे ५००. तीनशेंचा संग्रह म्हणून आपण ज्याच्याकडे पाहतो, त्यातले दोनशेच पुरेशा भरवशाचे! बाकीचे श्लोक सुंदर नाहीत असे नव्हे, पण ते कोणाचे हे सांगता येत नाही. वामन पंडितांच्या मराठी रूपांतरातून ज्या समाजाने भर्तृहरी पाठ केला, त्या समाजाला हा निष्कर्ष थोडा बोचावा हे स्वाभाविक आहे. तरी कोसंबींनी ५०० सुटे श्लोकही छापले, फेकले नाहीत, हे लक्षात घ्यावे. संशोधकाने निर्णय द्यावा, पण ज्याच्या आधारे दिला तो सर्व पुरावा वाचकापुढे ठेवावा, म्हणजे वाचकाला तो निर्णय फिरवता येतो.

इथवरचा कोसंबी निर्विवाद आहे. वाद सुरू होतो तो कवितेच्या मूल्याबद्दल ते बोलू लागतात तेव्हा. भर्तृहरीच्या वैराग्याची प्रत कोणती, या विषयावर त्यांनी १९४१ साली फर्ग्युसनच्या नियतकालिकात एक निबंध लिहिला. तो पुढे ‘एक्झास्परेटिंग एसेज’ (१९५७) मध्ये आला. त्यांच्या मते हे वैराग्य साहित्यिक आहे. धनिकाच्या दारी ताटकळणाऱ्या, विद्या असून अन्नाला महाग झालेल्या वर्गाची ती तक्रार आहे, त्यामागे कृती नाही. भर्तृहरीच्या आवृत्तीची अर्पणपत्रिका मार्क्स, एंगल्स आणि लेनिन यांच्या नावे आहे, तेव्हा ही भूमिका अनपेक्षित म्हणता येणार नाही. पण हे वाचताना आम्हाला दुसरीच एक गोष्ट आठवल्यावाचून राहत नाही. ज्याने वैराग्यशतकाला हा प्रश्न विचारला, त्याच्या घरात वैराग्य शब्दांत राहिलेले नव्हते. धर्मानंदांनी संसार मागे टाकून आयुष्य ज्ञानाला वाहिले होते, आणि १९४७ च्या जूनमध्ये सेवाग्रामला अन्नत्याग करून देह ठेवला. असा बाप पाहिलेल्या मुलाने कवीच्या विरक्तीला अधिक कठोर कसोटी लावली तर त्याचे नवल वाटू नये.

नवव्या-दहाव्या शतकांतील कवींचे मोठे भांडार असलेल्या ‘सुभाषितरत्नकोश’ या विद्याकरकृत संग्रहाबाबतही हेच घडले. वा. वि. गोखले यांच्यासह कोसंबींनी संपादित केलेला हा ग्रंथ १९५७ साली हार्वर्ड प्राच्य ग्रंथमालेत निघाला. राहुल सांकृत्यायन यांनी तिबेटातील मठात पाहिलेल्या ताडपत्रांची छायाचित्रे आणि नेपाळातील एक हस्तलिखित हे त्याचे मुख्य आधार. प्रस्तावनेत कोसंबींनी संस्कृत काव्याचा संबंध सरंजामी आश्रयदात्यांशी जोडला आणि त्याच्या ऱ्हासाचे कारण त्या वर्गात शोधले. याच संहितेवरून डॅनियल इंगल्स यांनी इंग्रजी अनुवाद केला (१९६५), आणि त्याच्या प्रस्तावनेत कोसंबींचे हे मूल्यमापन सविस्तर खोडून काढले. इंगल्स यांचे म्हणणे थोडक्यात असे की कवितेला तिच्या स्वतःच्या रसविचाराच्या अंगाने वाचले पाहिजे, ती कोणत्या वर्गाची हे ठरवल्याने ती चांगली की वाईट हे ठरत नाही.

आम्ही या वादात इंगल्स यांच्या बाजूला झुकतो. पण त्याहून अधिक महत्त्वाची वाटते ती या वादाची रचना. इंगल्स यांनी कोसंबींचे मत नाकारले ते कोसंबींनी सिद्ध केलेली संहिता हाती धरूनच. मत बाजूला सारता आले आणि संहिता टिकली. भर्तृहरीचे २०० श्लोकही असेच आहेत. ते मान्य करण्यासाठी कोणाला मार्क्सवादी व्हावे लागत नाही, आणि भर्तृहरीला क्षुद्र लेखावेही लागत नाही.

फर्ग्युसननंतर होमी भाभांच्या निमंत्रणावरून कोसंबी मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत गेले. राहणे पुण्यात, नोकरी मुंबईत, मधला प्रवास डेक्कन क्वीनने. याच काळात त्यांचे इतिहासाचे ग्रंथ झाले. राजांच्या वंशावळींऐवजी उत्पादनाची साधने आणि त्यांवर उभे राहिलेले संबंध कालक्रमाने मांडणे म्हणजे इतिहास, ही त्यांची धारणा. ती मार्क्सची असली तरी ठरीव साच्याची नव्हती. श्रीपाद अमृत डांगे यांच्या प्राचीन भारतावरील इंग्रजी पुस्तकाचे त्यांनी भांडारकर संस्थेच्या नियतकालिकातून अत्यंत कठोर परीक्षण केले. पुराव्याआधी सिद्धान्त ठेवणे हा त्यांच्या लेखी स्वपक्षीयालाही अक्षम्य गुन्हा होता.

लेखी पुरावा नसेल तिथे ते पायी चालत. पुण्याच्या आसपासच्या टेकड्यांवर त्यांनी गारगोटीची बारीक अश्महत्यारे वेचली, ती सापडण्याच्या जागा आणि वाटांवरच्या आयांची, वेताळांची ठाणी यांचा मेळ घातला. शास्त्रात देवी महिषासुराला मारते, तर वीर येथे म्हसोबाचे जोगूबाईशी लग्न लागलेले असते. या विसंगतीत त्यांना दोन जमातींच्या संघर्षाची आणि नंतरच्या मिलाफाची खूण दिसली. बारशाला वरवंटा सजवून पाळण्याभोवती फिरवतात, ही चाल आपण सर्वांनी पाहिली आहे. तिला धर्मग्रंथात आधार नाही, पण ब्राह्मण घरातही ती चालते, हे कोसंबींनी टिपले. धान्य दगडावर वाटण्याइतक्या जुन्या काळाचा अवशेष त्यांनी आपल्या माजघरात शोधला. नाण्याच्या मागचा ठसा आणि बारशातला वरवंटा यांच्याकडे पाहणारी नजर एकच आहे : ज्याची नोंद कोणी मुद्दाम केली नाही, ते अधिक विश्वासार्ह.

याच नजरेने त्यांना गणितात मात्र दगा दिला. १९५०च्या दशकाच्या अखेरीस त्यांनी रीमानच्या गृहीतकाला हात घातला. १८५९ साली मांडला गेलेला, मूळ संख्यांच्या वितरणाशी निगडित असलेला हा प्रश्न आजही सुटलेला नाही. कोसंबींनी मूळ संख्यांकडे जणू यादृच्छिक नमुना म्हणून पाहिले आणि संभाव्यतेच्या मार्गाने युक्तिवाद रचला. १९५९ साली तो प्रसिद्ध झाला तो कृषी संख्याशास्त्राच्या एका भारतीय नियतकालिकात. तज्ज्ञांनी तो मान्य केला नाही, आणि त्यांच्या प्रतिष्ठेला मोठा धक्का बसला. अणुऊर्जेऐवजी सौरऊर्जेचा आग्रह, जागतिक शांतता चळवळीतला सहभाग, तिखट जीभ यांनी संस्थेशी संबंध आधीच ताणलेले होते. १९६२ साली त्यांचा करार पुढे वाढवला गेला नाही. त्यानंतरचे काही गणिती निबंध त्यांनी एस. ड्युक्रे या टोपणनावाने छापले. बुर्बाकीपासून सुरू झालेल्या कारकिर्दीच्या शेवटी पुन्हा एक खोटे नाव आले, या वेळी स्वतःसाठी. २९ जून १९६६ रोजी पुण्यात, अठ्ठावन्नाव्या वर्षी झोपेतच त्यांचे निधन झाले.

या अपयशाकडे त्यांचे चाहते डोळेझाक करतात आणि विरोधक त्याचाच तेवढा उच्चार करतात. आमच्या मते त्यातूनच त्यांच्या पद्धतीचे खरे स्वरूप कळते. मराठीत पुरावा आणि सिद्धता असे दोन शब्द आहेत. इतिहासात आणि पाठचिकित्सेत सिद्धता नसते, असतो तो पुरावा, आणि तो जमवून संभाव्यता जितकी वाढवता येईल तितकी वाढवणे एवढेच माणसाच्या हाती असते. एखादा श्लोक भर्तृहरीचा असण्याची शक्यता फार मोठी आहे, याहून अधिक कोणी सांगू शकणार नाही. अंकशास्त्रात मात्र फार मोठी शक्यता म्हणजे काहीच नाही. तिथे एक सोडून सर्व उदाहरणे जुळली तरी विधान खोटेच. कोसंबींनी गणिताची शिस्त इतिहासात नेली तेव्हा इतिहास समृद्ध झाला. इतिहासाची शिस्त त्यांनी गणितात परत आणली तेव्हा गणिताने ती नाकारली. दोन्ही वेळा माणूस तोच होता आणि धाडसही तेच.

आज हजारो ग्रंथांची शब्दमोजणी संगणक क्षणात करतो, आणि मोजणीने कर्तृत्व ठरवण्याचे, शैली ओळखण्याचे प्रयोग वाङ्मयाच्या विभागांतही होत आहेत. त्यांकडे तुच्छतेने पाहणाऱ्या अध्यापकाने कोसंबींची भर्तृहरीची प्रस्तावना वाचावी, म्हणजे मोजणी किती सूक्ष्म वाचनातून जन्मते हे त्याला दिसेल. आणि मोजणीवर सर्वस्वी विसंबणाऱ्या विद्यार्थ्याने त्याच प्रस्तावनेनंतर त्यांचा वैराग्यावरचा निबंध वाचावा. कोणते श्लोक भरवशाचे हे तराजूने सांगितले. ते श्लोक चांगले का, हे सांगण्याची वेळ आली तेव्हा कोसंबींनाही तराजू खाली ठेवून स्वतःचे मत, स्वतःचा राग आणि कदाचित स्वतःचे घर घेऊन बोलावे लागले. त्या मताशी भांडण्याचा अधिकार आपल्याला आहे, आणि त्यासाठी लागणारी संहिता त्यांनीच आपल्या हाती दिली आहे.